मुलीचं नाव 'शोचित्ल' ठेवावं का? (नावात्ल भाषेतलं नाव: अर्थ, उच्चार आणि आईचं म्हणणं)

रानजाई | १४ ऑगस्ट

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं इथे नुसती वाचत असते, धागा पहिल्यांदाच काढतेय, काही चुकलं तर सांभाळून घ्या.

मी मूळची साताऱ्याची, गेली सहा वर्षं मेक्सिकोत पुएब्ला शहरात. नवरा इथलाच, त्याचं गाव क्वेत्सालानच्या बाजूला डोंगरात आहे, कॉफीच्या बागा, धुकं, सतत पाऊस, मला तर तिथे गेलं की महाबळेश्वरच्या खालच्या अंगाला आल्यासारखं वाटतं. घरात सासू-सासरे स्पॅनिश बोलतात पण माझ्या आजेसासू अजून नावात्लच बोलतात, म्हणजे तेच, अ‍ॅझटेक लोकांची म्हणून आपण ऐकलेली भाषा. मला सातवा महिना चालू आहे आणि इथे डॉक्टर सांगतात त्यामुळे मुलगी आहे हे माहीत आहे.

तर नवऱ्याच्या मनात नाव आहे शोचित्ल. अर्थ फूल. मला अर्थ आवडला, नावामागे त्याच्या आजीची भाषा आहे हे तर फारच आवडलं, कारण त्याच्या पिढीत ती भाषा बोलणारं घरात कुणी उरलं नाही. मी उत्साहाने आईला फोनवर सांगितलं आणि ती दोन मिनिटं काही बोललीच नाही, मग म्हणाली अगं शौच असं ऐकू येतंय, सुट्टीत इकडे आलीस की पोरं चिडवतील तिला. तेव्हापासून मला झोप नाही. दुसरं नाव सित्लाली आहे डोक्यात, म्हणजे तारा, ते आईला चालतंय. पण नवऱ्याचा जीव शोचित्लवर आहे.

कुणाला या भाषेची माहिती आहे का? नेटवर अर्थ बघितला तर प्रत्येक ठिकाणी वेगळाच, कुठे 'जिथे खूप फुलं असतात ती जागा', कुठे 'फुलांची राणी'. खरं काय? आणि तुम्ही माझ्या जागी असता तर काय केलं असतं?

मधुमालती_७ | १४ ऑगस्ट

अभिनंदन गं रानजाई! आधी तब्येतीची काळजी घे, नावाचं होईल.

मी तुझ्या आईच्या बाजूने आहे, राग मानू नकोस. माझ्या भाचीचं नाव परदेशातलं ठेवलंय, तिकडे सुंदर अर्थ आहे पण इकडे शाळेत त्या पोरीने जे सोसलं ते मी पाहिलंय. मूल आयुष्यभर एकाच ठिकाणी राहील असं नाही ना. सित्लाली किती गोड आहे, सीता पण आली, लाली पण आली, आजीला हाक मारायला सोपं. माझं मत सित्लाली.

टेक्सासची_ताई | १४ ऑगस्ट

माझ्या मुलाच्या वर्गात एक शोचित्ल आहे, तिच्या घरचे ओआहाकाचे. पण तिला कुणी शोचित्ल म्हणत नाही, सगळे सोचिल म्हणतात, तिची आईसुद्धा. मार्व्हलच्या सिनेमात काम केलेली ती शोचित्ल गोमेझ आहे ना, तिचंही सोचिल असंच म्हणतात. आणि २०२४ ला मेक्सिकोत राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक झाली त्यात क्लाउदिया शेनबाउम जिंकल्या, त्यांच्या विरोधात उभ्या होत्या त्या शोचित्ल गाल्वेस, त्यांचंही नाव बातम्यांत सोचिल. म्हणजे मेक्सिकोत हे अगदी रुळलेलं नाव आहे, विचित्र काही नाही. आईला सोचिल करून ऐकव, शौच गायबच होतं त्यातून.

भाषावेडा | १५ ऑगस्ट

रानजाई, धागा बघून राहवलं नाही. मी चार वर्षं नावात्ल शिकतोय, वेराक्रूसच्या बाजूला वास्तेका म्हणून भाग आहे तिथल्या एक शिक्षिका ऑनलाइन शिकवतात त्यांच्याकडे. जेवढं नक्की माहीत आहे तेवढंच लिहितो, लांबेल.

अर्थ नुसता फूल. राणी नाही, जागा नाही. जागेसाठी या भाषेत वेगळे प्रत्यय आहेत, उदाहरणार्थ शोचिमिल्को, मेक्सिको सिटीतली ती कालव्यांची जागा: शोचि म्हणजे फूल, मिल म्हणजे शेत, को म्हणजे तिथे. फुलशेती असलेलं ठिकाण. यात बघा, शेवटचा त्ल गळाला. हा त्ल नामाच्या शेवटी नुसता टेकू म्हणून येतो, शब्द दुसऱ्याला जोडला किंवा 'माझं' 'तुझं' लावलं की निघून जातो. 'माझं फूल' म्हणायचं तर नोशोचिउ. लेकरांना लाडाने असंच बोलतात आणि मला विचाराल तर नावापेक्षाही हा शब्द सुंदर आहे.

आता उच्चार. मराठी माणसाला ही भाषा शिकताना एक फार मोठा फायदा आहे आणि तो इंग्रजीवाल्यांना नाही. आपल्याकडे च दोन आहेत, चिमणीतला आणि चमच्यातला. नावात्लमध्येही अगदी हेच दोन वेगळे आवाज आहेत. शोचित्लमधला च चिमणीचा. आणि आदराने, मायेने नावापुढे जो प्रत्यय लावतात त्सिन, त्यात चमच्यातला च. शोचित्सिन म्हणजे आपल्याकडे कसं फुलाताई किंवा फुलाबाई म्हणू तसं. शो वर जोर आणि तो ओ लांब. राहिला त्ल. हा एकच आवाज आहे, त आणि ल असे दोन नाहीत. जीभ त म्हणायला लावा तशी लावा, पण पुढून सोडू नका, जिभेच्या दोन्ही कडांनी नुसती हवा सोडा, गळ्यातून आवाज न काढता. आठवडाभर आरशासमोर केलं की जमतं.

सोचिल हा स्पॅनिशने घडवलेला उच्चार. १६ व्या शतकात स्पॅनिश पाद्र्यांनी ही भाषा रोमन लिपीत लिहिली तेव्हा त्यांच्या भाषेत एक्स या अक्षराचा आवाज श होता, म्हणून त्यांनी श ला एक्स लिहिलं. नंतर स्पॅनिशमधला तो आवाजच बदलला आणि अक्षर तसंच राहिलं, त्यामुळे आज एकाच अक्षराचे मेहिको, हालापा, सोचिमिल्को असे वेगवेगळे उच्चार होतात. टेक्सासच्या ताई म्हणतात ते चूक नाही, लाखो लोक तसंच म्हणतात, पण आजेसासू नावात्ल बोलतात म्हणताय तर त्यांच्या तोंडचा उच्चार वेगळा निघेल. आणि क्वेत्सालानची बोली असेल तर एक गंमत आहे, ती मी सांगत नाही, तुम्हीच आजींना विचारा फूलला काय म्हणतात ते.

अण्णा_नगरवाले | १५ ऑगस्ट

माहिती चांगली आहे पण एक विचारतो, या लोकांकडे माणसं बळी द्यायचे ना? त्यांच्यात 'फुलांचं युद्ध' म्हणून प्रकार होता असं वाचलंय, त्यात कैदी धरून आणायचे. मग फूल हा शब्द त्यांच्याकडे तसा निर्मळ आहे का? मुलीचं नाव ठेवताना हा विचार करावा असं मला वाटतं.

दुसरं, माया लोक म्हणजे आपला मयासुर आणि तिकडे आपलेच लोक गेले होते असंही म्हणतात. तसं असेल तर हा शब्द संस्कृतच निघायचा.

भाषावेडा | १५ ऑगस्ट

अण्णा, प्रश्न योग्य आहे. शोचियाओयोत्ल, फुलयुद्ध, हे होतं आणि ते मी झाकणार नाही. पण फूल हा शब्द त्या भाषेत इतक्या ठिकाणी आहे की एका वापरावरून त्याला तोलणं अन्याय होईल. त्यांच्याकडे दोन शब्द जोडीने म्हणून तिसराच अर्थ काढायची रीत आहे. 'इन शोचित्ल इन क्विकात्ल', म्हणजे फूल आणि गाणं, आणि अर्थ कविता. कवितेला त्यांच्याकडे दुसरं नावच नाही म्हणा ना. 'कान्तारेस मेहिकानोस' म्हणून १६ व्या शतकातलं हस्तलिखित आहे, त्यातल्या गाण्यांत पानोपानी फुलं आहेत, फुलं सुकतात तसे आपण जाणार, पृथ्वीवर थोडाच वेळ, हे परत परत येतं.

आणि रानजाईने हे आवर्जून वाचावं: त्याच हस्तलिखितातलं एक गाणं एका बाईच्या नावावर आहे. माकुइलशोचित्सिन. माकुइली म्हणजे पाच, शोचि फूल, त्सिन आदराचा. अ‍ॅझटेक राज्यातला सगळ्यात मोठा सल्लागार त्लाकाएलेल, त्याची ही मुलगी, १५ व्या शतकातली. गाणं आहे राजा आशायाकात्लच्या स्वारीवर, आणि राजाला जखमी करणाऱ्या शत्रूच्या योद्ध्यासाठी त्याच्या बायका राजाकडे रदबदली करतात तो प्रसंग तिने घातलाय. बाईने, बायकांकडे बघून लिहिलेलं. शोचित्ल नावाची मुलगी मोठी होऊन हे वाचेल तेव्हा तिला अभिमानच वाटेल.

मयासुराचं मात्र सोडून द्या अण्णा. माया वेगळे लोक, त्यांची भाषा वेगळी, नावात्ल वेगळी. नावात्लचं नातं आहे ते उत्तरेकडच्या होपी, शोशोनी, कोमांची या भाषांशी. संस्कृतशी काही संबंध नाही, आणि त्या लोकांनी जे घडवलं ते त्यांचं स्वतःचं आहे हे मान्य करण्यात आपलं काही कमी होत नाही.

संहिता_वाचक | १६ ऑगस्ट

संबंध नाही हे मलाही पूर्ण मान्य आहे, तरी एक सांगते कारण रानजाईच्या आईला कदाचित बरं वाटेल. मी वेदाची विद्यार्थिनी. संस्कृतात शोचिस् असा शब्द आहे, अर्थ ज्वाळा, तेज, झळाळी. ऋग्वेदात अग्नीला शोचिष्केश म्हटलंय, ज्याचे केस ज्वाळांचे आहेत असा. शौच हा त्याच धातूकडून येतो आणि मूळ अर्थ शुद्धता, आपण तो एका खोलीत कोंडलाय. म्हणजे शोचि कानावर पडल्यावर काय आठवायचं हे आपल्यावर आहे. योगायोगच, पण चांगला योगायोग.

मधुमालती_७ | १६ ऑगस्ट

संहिता, छान सांगितलंस, पण शाळेतल्या पोरांना ऋग्वेद माहीत नसतो गं. माझी काळजी तिथेच आहे.

माळीबुवा | १७ ऑगस्ट

मी रोपवाटिका चालवतो, भाषेतलं काही कळत नाही, पण फुलांमधलं कळतं म्हणून लिहितो.

रानजाई ताई, तुमच्या आईंना विचारा की दसऱ्याला दाराला काय लावता. झेंडू. तो झेंडू मेक्सिकोचा आहे. आपल्याला वाटतं आपल्याकडे आदिकाळापासून आहे, पण त्याचं मूळ घर ते, आपल्याकडे आला तो युरोपातल्या लोकांनी समुद्र ओलांडल्यावर. त्याचं तिकडचं नाव सेंपासुचिल, भाषावेडा यांना विचारून घ्या पण मी वाचलंय त्याप्रमाणे त्या नावातलं सुचिल म्हणजे हेच तुमचं शोचित्ल. निशिगंध, तोही मूळ मेक्सिकोचा. गुलछडी म्हणून वेणीत, लग्नात, सगळीकडे आपण वापरतो. खुरचाफा, देवळाबाहेर असतो तो पांढरापिवळा, तोही तिकडचाच. डेलिया तर त्यांचं राष्ट्रीय फूल, १९६३ पासून. गुलबाक्षीच्या शास्त्रीय नावात जलापा आहे ते तिकडच्या हालापा शहरावरून.

दसऱ्यापासून लक्ष्मीपूजनापर्यंत आमच्याकडे मालाची जी झुंबड असते त्यातला मोठा वाटा या फुलांचा. आपल्या घरात ती कधीच येऊन बसली आहेत. त्या फुलांच्या देशातली लेक असेल तर तिचं नाव फूल ठेवायला लाज कसली?

भाषावेडा | १७ ऑगस्ट

माळीबुवा, तुम्ही तर माझं काम केलंत. सगळ्या नावांत शोचित्ल बसलंय. झेंडू सेंपोआलशोचित्ल, सेंपोआली म्हणजे वीस, वीस-फूल, पाकळ्या पुष्कळ म्हणून. त्यांची मोजणी विसांवर चालायची त्यामुळे वीस म्हणजे भरपूर. निशिगंध ओमिशोचित्ल, ओमि म्हणजे हाड, हाडासारखं पांढरं फूल. चाफा काकालोशोचित्ल, कावळ्याचं फूल. व्हॅनिला ऐकून आश्चर्य वाटेल, त्लिलशोचित्ल, काळं फूल, शेंग काळी होते म्हणून. ख्रिसमसला ते लाल पानांचं पॉइन्सेटिया येतं ते क्वेत्लाशोचित्ल.

आणि टोमॅटो, चॉकलेट, अ‍ॅव्होकॅडो हे शब्द नावात्लवरून जगभर गेले हे बऱ्याच जणांना माहीत असतं, पण आपला चिकू पण तिकडचाच शब्द आहे, झाडही तिकडचं आणि नावही. साताऱ्यातली पोरं नावात्ल शब्द रोज बोलतात.

कृष्णाकाठ | १८ ऑगस्ट

खूप दिवसांनी इतका छान धागा वाचला. मला एक विचारायचंय, त्यांच्याकडे नाव ठेवायची पद्धत काय होती? आपल्यासारखं राशीवरून अक्षर वगैरे? आणि बारशासारखं काही?

भाषावेडा | १८ ऑगस्ट

कृष्णाकाठ, हे वाचताना मी पहिल्यांदा थक्क झालो होतो म्हणून सविस्तर लिहितो.

त्यांचं एक २६० दिवसांचं पंचांग होतं. वीस चिन्हं आणि एक ते तेरा आकडे, दोन्ही एकत्र फिरत जायचे. ज्या दिवशी मूल जन्मलं त्या दिवसाचा आकडा आणि चिन्ह हेच त्याचं नाव होऊ शकायचं. वीस चिन्हांतलं शेवटचं, विसावं चिन्ह म्हणजे शोचित्ल. वरची कवयित्री पाच-फूल आहे ती त्यामुळे. दिवस वाचणारा जोशी असायचा, तोनालपौकी. त्याला बोलवायचे, तो पोथी उघडून सांगायचा दिवस कसा आहे, आणि दिवस वाईट निघाला तर न्हाऊ घालून नाव ठेवायचा विधी पुढच्या चांगल्या दिवसावर ढकलायचे. फूल चिन्हावर जन्मलेल्या मुली भरतकामात हुशार निघतात असं मानायचे, पण नेम-व्रत नीट पाळलं तरच, नाहीतर भरकटतात असंही लिहिलंय. हे सगळं साआगून नावाच्या पाद्र्याने जाणत्या लोकांना विचारून नावात्लमध्येच लिहून घेतलं, बारा भाग आहेत, आज ते हस्तलिखित फ्लॉरेन्सला आहे.

दुसरं हस्तलिखित मेंदोसा कोडेक्स, १५४० च्या आसपासचं, ते ऑक्सफर्डला आहे. त्यात चित्रच काढलंय. सुईण बाळाला न्हाऊ घालतेय, मुलगी असेल तर बाजूला केरसुणी, चाती आणि टोपली, मुलगा असेल तर ढाल आणि बाण. मुलीची नाळ पाट्याखाली पुरायची, हो, आपल्यासारखाच दगडी पाटा, मका वाटायचा. आणि शेजारी तीन छोटी मुलं बसलीत, ती भाजलेला मका आणि शिजवलेला घेवडा खातायत, आणि सुईण त्यांना सांगते की बाळाचं नाव मोठ्याने ओरडा. मला घुगऱ्याच आठवल्या. आपल्याकडे पाळण्याखाली वाटतात त्या.

एक गोष्ट मात्र खरी सांगायला हवी. सामान्य घरांत मुलींना पुष्कळदा नुसती जन्मक्रमाची नावं असायची. तेयाकापान पहिली, त्लाको मधली, शोको शेवटची. मोरेलोस भागातल्या १६ व्या शतकातल्या याद्यांत अशा बायकांची रांगच्या रांग आहे. शेंडेफळाला मेक्सिकोत आजही शोकोयोते म्हणतात. आज शोचित्ल, सित्लाली ही नावं शहरांत, सुशिक्षित घरांत खूप दिसतात ती १९१० च्या क्रांतीनंतर मेक्सिकोने आपल्या जुन्या वारशाकडे अभिमानाने पाहायला सुरुवात केली त्या वातावरणात वाढलेली. वाईट इतकंच वाटतं की नाव मुलीला देतात आणि भाषा बोलणाऱ्या आजीशी मात्र स्पॅनिशमध्ये बोलतात. भाषा बोलणारे २०२० च्या जनगणनेत साडेसोळा लाखांच्या आसपास आहेत, २००३ च्या कायद्याने तिला स्पॅनिशच्या बरोबरीने राष्ट्रीय भाषा मानलंय, पण घरात पुढच्या पिढीकडे जात नाही ही खरी अडचण.

टेक्सासची_ताई | १९ ऑगस्ट

नेटवरच्या याद्यांबद्दल पण लिहा ना कुणीतरी. माझ्या मैत्रिणीने यारेत्सी ठेवलं, नावात्लमध्ये 'जिच्यावर कायम प्रेम होईल ती' असा अर्थ म्हणून.

भाषावेडा | १९ ऑगस्ट

ताई, नाव गोड आहे, तिने बदलायची काही गरज नाही, पण नावात्ल नाही ते. सोपी परीक्षा आहे: नावात्लच्या मूळ शब्दांत र नाही. ब, द, ग, फ पण नाहीत. यादीत र असलेलं नाव नावात्ल म्हणून दिलं की समजायचं. नायेली झापोतेक भाषेतलं, इत्सेल आणि इशचेल माया भाषेतली, एरेंदिरा पुरेपेचा, आणि याद्यांत सगळी एकाच टोपलीत टाकतात. मेक्सिकोत अधिकृत ६८ देशी भाषा आहेत, त्या एकमेकींपासून मराठी आणि तमिळपेक्षाही दूर असू शकतात. आपल्याकडे संस्कृत नावांच्या याद्यांत जे होतं तेच, अर्थ 'देवाची भेट' लिहायचं आणि मोकळं व्हायचं.

रानजाई | २ सप्टेंबर

सगळ्यांना उशिरा उत्तर देतेय, माफ करा, मध्ये गावाला जाऊन आलो. सगळं सगळं वाचलंय, नवऱ्याला भाषांतर करून सांगितलंय, तो माळीबुवांचा प्रतिसाद ऐकून उठून अंगणात जाऊन उभा राहिला बराच वेळ.

भाषावेडा, विचारलं आजींना. त्यांच्या बोलीत त्ल नाहीच! त्या म्हणतात शोचित. नुसता त. ताऱ्याला सितालिन. त्यांची भाषाही त्या नावात्ल म्हणत नाहीत, मासेवालताहतोल म्हणतात. म्हणजे आम्ही आजीच्या भाषेतलं म्हणून जे नाव घेत होतो ते आजीच्या तोंडात तसं नव्हतंच, पुस्तकातलं होतं. नवरा गप्प झाला. मी भीत भीत विचारलं की मग नाव कसं ठेवायचं, तर आजी म्हणाल्या (सासऱ्यांनी स्पॅनिश करून सांगितलं) कागदावर काय लिहायचं ते तुम्ही बघा, मी हाक मारीन ती माझ्या तोंडाने मारीन. आणि पोटावर हात ठेवून नोशोचिउ म्हणाल्या. तुम्ही इथे लिहिलेला शब्द, मला कुणी न सांगता कळला. मी रडले.

मग रात्री आईला फोन केला. झेंडूचं सांगितलं, निशिगंधाचं सांगितलं, संहिताताईंचं शोचिष्केश सांगितलं, ती ऐकत होती. आणि मग म्हणाली, अगं माझ्या आजीचं नाव फुलाबाई होतं. मला हे माहीतच नव्हतं! घरात सगळे तिला मोठी आई म्हणायचे. कोरेगावची होती, नऊ मुलं झाली, पाच जगली, आणि वाड्याच्या मागे तिने गुलछडी लावली होती ती ती गेल्यावरही कितीतरी वर्षं फुलत होती म्हणे. आई म्हणाली तुझ्या मुलीला मी फुला म्हणेन, तुम्ही शोचित्ल म्हणा नाहीतर काही म्हणा, अर्थ तोच आहे ना.

नाव ठरलं. कागदावर शोचित्ल, त्ल सकट, कारण नवऱ्याला ते पूर्ण हवं आहे आणि ती पुढे भाषा शिकली तर जुन्या कवितांत स्वतःचं नाव तसंच लिहिलेलं सापडेल. आजी शोचित म्हणतील. आई फुला.

मधुमालती_७ | २ सप्टेंबर

रानजाई, माझं मत मी मागे घेते. फुला ऐकलं आणि डोळे भरून आले. इकडे आलीस की फुलाच म्हणू सगळे.

अण्णा_नगरवाले | ३ सप्टेंबर

अभिनंदन पोरी. मी भाषावेडा यांचं ऐकून त्या कवयित्रीबद्दल वाचतोय. तब्येत सांभाळ.

कृष्णाकाठ | ३ सप्टेंबर

सासूबाईंचं काय म्हणणं? त्या ख्रिश्चन असतील ना, त्यांना देवाधर्माच्या दृष्टीने हे नाव चालतं?

रानजाई | ४ सप्टेंबर

सासूबाई कॅथलिक आहेत, पक्क्या ग्वादालुपेच्या, म्हणजे इथल्या मेरीमातेच्या, भक्त. उलट त्यांनाच सगळ्यात पटलं. त्यांची गोष्ट अशी, १५३१ च्या डिसेंबरात तेपेयाकच्या टेकडीवर हुआन दिएगोला ग्वादालुपेची आई दिसली, बिशपला खूण दाखवायला तिने त्याला टेकडीवरची फुलं तोडून न्यायला सांगितली, थंडीत तिथे फुलं यायचा प्रश्नच नव्हता आणि टेकडी फुलांनी भरलेली. ही गोष्ट नावात्लमध्येही छापली गेली, १६४९ साली, आणि त्यात त्याला वाटतं आपण शोचित्लालपानला आलो की काय, म्हणजे पूर्वजांनी सांगितलेल्या फुलांच्या भूमीत. सासूबाई म्हणतात या नावाला माझ्या देवीची फुलं आहेत.

रानजाई | २९ ऑक्टोबर

मंडळी, २१ तारखेला पहाटे आली. दोघी बऱ्या आहोत. आई साताऱ्याहून बाळंतपणाला आलीय, डिंकाचे लाडू, शेपा-ओवा, सगळं घेऊन, आणि सासूबाईंबरोबर एकही समान भाषा नसताना दोघी दिवसभर स्वयंपाकघरात असतात. पाचवीला आईने पाटा-वरवंटा मागितला, सासूबाईंनी त्यांचा मका वाटायचा काळा दगडी मेताते काढून दिला, त्यावर हळदकुंकू वाहून सटवाईची पूजा झाली.

आता अडचण, आणि मला लवकर उत्तर हवंय. बारावा दिवस १ नोव्हेंबरला येतो. इथे १ आणि २ नोव्हेंबरला मृतांचे दिवस, त्यात पहिला दिवस गेलेल्या लहान मुलांचा असतो. सासूबाई म्हणतात त्या दिवशी बाळाला पाळण्यात घालून नाव ठेवायचं नाही, काही झालं तरी नाही. आणि आईने झेंडूचं तोरण करायचं ठरवलंय, जवळ आत्लिस्कोला शेतंच्या शेतं केशरी झालीत, पण ती फुलं इथे मेलेल्यांना घराची वाट दाखवायला पसरतात, बाळाच्या दारावर बघून सासूबाईंच्या पोटात गोळा आला. आईला कसं समजावू? तिला वाटतंय झेंडूशिवाय शुभकार्य कसलं.

संहिता_वाचक | २९ ऑक्टोबर

फार फार आनंद झाला! तेराव्या, सोळाव्या, पुढच्या कुठल्याही चांगल्या दिवशी कर गं, बाराव्यालाच हवं असं काही अडत नाही, आपल्याकडे सवा महिन्यानेही करतात. आईंना माहीत असेल हे.

भाषावेडा | २९ ऑक्टोबर

अभिनंदन! आणि तोनालपौकीने हेच सांगितलं असतं, दिवस पुढे ढकला.

माळीबुवा | ३० ऑक्टोबर

ताई, झेंडू यंदा राहू द्या, सासूबाईंचं ऐका. निशिगंध लावा. सुट्या कळ्या ओवून तोरण छान होतं, देठ काढून मोठ्या कळ्या बाहेरच्या बाजूला ठेवा, आणि आदल्या रात्री ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवा म्हणजे सकाळी उमलतात आणि घरभर वास राहतो. तुमच्या पणजीने लावली होती ती गुलछडी म्हणजे हेच.

रानजाई | ३१ ऑक्टोबर

ठरलं, ५ नोव्हेंबर. आई लगेच तयार झाली, संहिताताई म्हणतात तसं तिला माहीतच होतं. गुलछडीचं नाव काढल्यावर झेंडूचा विषय तिनेच बंद केला. इथे त्याला नार्दो म्हणतात, बाजारातल्या बाईंना चार गड्ड्या सांगून ठेवल्यात. आजेसासू ४ तारखेला डोंगरातून बसने येतायत, नणंद पाळण्यात नाव सांगणार, तिला 'कुर्र' म्हणायचं आई शिकवतेय. घुगऱ्यांना हरभरे भिजत घालायचे की इथला घेवडा, एवढंच राहिलंय, सासूबाई घेवडा म्हणतायत.